स्वप्नातली शर्यत आणि स्वप्नफलाचा तक्ता

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत येणारा स्वप्नफलाचा तक्ता मी अनेक वर्षे पाहत आलो आहे. पाणी दिसले तर अमुक, साप दिसला तर तमुक, या नोंदींकडे मी आजवर दुर्लक्ष केले. मात्र गेल्या महिन्यात त्यात शर्यती आणि स्पर्धांच्या स्वप्नांचे अर्थ आले. 'शर्यतीत मागे पडल्याचे दिसल्यास हाती घेतलेल्या कामात अपयश आणि जवळच्या व्यक्तीकडून दगा' असे त्यात छापले होते. त्या एका ओळीचा परिणाम मी मैदानावर डोळ्यांनी पाहिला, म्हणून हे पत्र लिहीत आहे. ठाण्यातील एका शाळेत मी ३१ वर्षे क्रीडाशिक्षक होतो आणि निवृत्तीनंतरही रोज पहाटे काही मुलामुलींचा धावण्याचा सराव घेतो.

कळव्याहून येणारी नववीतील एक मुलगी ८०० मीटर धावते. स्पर्धेच्या दिवशी पहाटे तिला स्वप्न पडले की बार झाला, सगळ्या पुढे गेल्या आणि तिचे पाय चिखलात रुतल्यासारखे जागचे हलेनात. घाबरून तिने ते आजीला सांगितले. आजींनी काळजीपोटीच जपून ठेवलेली पुरवणी काढून अर्थ वाचून दाखवला. त्या दिवशी ही मुलगी, जिच्याबरोबर ती दोन वर्षे रोज सराव करते, त्या मैत्रिणीच्या शेजारी उभी राहायलाही तयार नव्हती. वॉर्मअप तिने एकटीनेच केला. शर्यतीत तिने पहिल्या फेरीलाच सगळे बळ खर्च केले, दोनदा मागे वळून मैत्रीण कुठे आहे ते पाहिले आणि शेवटच्या दीडशे मीटरमध्ये तिचा दम पूर्ण तुटला. हरल्याचे मला दुःख नाही, कारण मुले हरतात आणि पुढच्या वेळी धावतात. चौदा वर्षांच्या मुलीच्या मनात सोबतिणीविषयी संशय पेरला गेला, हे मात्र मला सहन होत नाही.

चार दिवसांनी मी तिला शांतपणे विचारले, की स्वप्नात तुझ्या पायांत काय होते? ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, "सर, शाळेचे काळे बूट." आदल्या आठवड्यात तिच्या स्पाइक्सचा, म्हणजे शर्यतीच्या खिळेवाल्या बुटांचा, तळ सुटला होता आणि नवे पुढच्या महिन्यात घेऊ, असे वडिलांनी सांगितले होते. ही गोष्ट तिने मला सांगितली नव्हती. माझ्या दृष्टीने त्या स्वप्नाचा अर्थ एवढाच होता आणि तो आदल्या दिवशी कळला असता, तर शाळेच्या कपाटातून तिच्या मापाची एक जोडी शोधून देणे मुळीच अवघड नव्हते.

इतक्या वर्षांत मुलांनी मला सांगितलेली शर्यतीची स्वप्ने आश्चर्य वाटावे इतकी सारखी आहेत. पाय उचलत नाहीत, छातीवरचा क्रमांक सापडत नाही, बार ऐकूच येत नाही, रिलेचे बॅटन हातातून निसटते, किंवा ठाणे स्थानकाचा जिना उतरेपर्यंत लोकल निघून जाते. यांपैकी पुढे पदक मिळवणारीही होती आणि पहिल्या हीटमध्ये, म्हणजे प्राथमिक फेरीतच, बाद होणारीही होती. स्वप्नावरून निकाल सांगता येईल, असे मला एकदाही आढळले नाही.

'पहाटेचे स्वप्न खरे होते' या समजुतीमुळे ही भीती दुप्पट होते, म्हणून त्यामागील कारण सांगणे आवश्यक वाटते. शिकागो विद्यापीठातील युजीन ॲसेरिन्स्की आणि नॅथॅनिएल क्लाइटमन यांनी १९५३ साली झोपेतील एका विशिष्ट अवस्थेचे वर्णन प्रसिद्ध केले. या अवस्थेत मिटल्या पापण्यांखाली बुबुळे वेगाने हलतात, आणि ठसठशीत, गोष्टीसारखी स्वप्ने मुख्यतः याच काळात पडतात. साधारण दर ९० मिनिटांनी ही अवस्था येते, आणि रात्र सरत जाईल तसतशी ती अधिक वेळ टिकते, म्हणजे पहाटे सर्वांत लांब असते. सात वाजता मैदानावर हजर व्हायचे असलेल्या मुलाचा गजर साडेचारला वाजतो, तो अनेकदा या अवस्थेच्या मध्येच त्याला उठवतो आणि म्हणून ते स्वप्न लख्ख आठवते. याच अवस्थेत मेंदू हातापायांचे स्नायू जवळजवळ पूर्ण सैल करून ठेवतो, नाहीतर स्वप्नात धावणारा माणूस अंथरुणातून उठून खरोखरच धावू लागला असता. पाय न उचलण्याचा अनुभव या सैलपणातून येत असावा, असा काही अभ्यासकांचा तर्क आहे. तो मी मुलांना सांगतो, तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावरचा ताण उतरलेला दिसतो.

हे पाश्चात्त्यांचे ज्ञान आहे, आपली परंपरा वेगळे सांगते, असे कोणी म्हणेल, तर त्यांनी चरकसंहितेचे इंद्रियस्थान पाहावे. तेथे स्वप्नांचे सात प्रकार दिले आहेत: दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक आणि दोषज. पाहिलेले, ऐकलेले, अनुभवलेले, मनापासून इच्छिलेले आणि कल्पिलेले, या पहिल्या पाच प्रकारांना वैद्याने निष्फळ समजावे, असे तेथे स्पष्ट म्हटले आहे. महिनोन्‌महिने शर्यतीचाच ध्यास घेतलेल्या मुलीला शर्यत दिसणे हे या पाचांच्या बाहेर कसे जाईल? बृहदारण्यक उपनिषदात याज्ञवल्क्य जनकाला सांगतात, की स्वप्नात रथ नसतात, रथाला जोडलेली जनावरे नसतात, रस्तेही नसतात. स्वप्न पाहणारा ते सारे स्वतःच निर्माण करतो. 'मनी वसे ते स्वप्नी दिसे' ही आपली म्हणही याच बाजूची आहे. परंपरेच्या नावाने छापल्या जाणाऱ्या तक्त्यात मात्र यातले काहीच नसते.

पॅरिसमधील संशोधकांनी २०१४ साली प्रसिद्ध केलेला एक अभ्यास मी पालकसभेत आवर्जून सांगतो. वैद्यकीय प्रवेशाच्या अटीतटीच्या परीक्षेला बसलेल्या ७१९ विद्यार्थ्यांनी त्यांच्या प्रश्नावलीला उत्तरे दिली. त्यांपैकी सुमारे ६० टक्के विद्यार्थ्यांना आदल्या रात्री परीक्षेचेच स्वप्न पडले होते आणि बहुतेक स्वप्नांत उशीर होणे, उत्तर न आठवणे असे काहीतरी बिनसले होते. तरीही परीक्षेची स्वप्ने पडलेल्यांचे गुण सरासरीने इतरांपेक्षा चांगले होते. स्वप्नामुळे गुण मिळाले, असा याचा अर्थ मी लावत नाही. पण वाईट स्वप्न म्हणजे वाईट निकाल, हे समीकरण यापुढे टिकत नाही.

स्वप्ने क्षुल्लक समजून झटकून टाकावीत, असे माझे म्हणणे नाही. श्रावणात आपल्या ठाण्यात गोविंदा पथकांचा सराव जोरात असतो. वरच्या थरावर चढणाऱ्या मुलाला रोज कोसळण्याचे स्वप्न पडत असेल, तर ती भीती रास्त आहे, आणि अशा वेळी हेल्मेट, दोर आणि खालची गादी तपासणे हेच मोठ्यांचे काम आहे. स्वप्नात वडील कठड्याशी घड्याळ घेऊन उभे दिसतात, असे एका मुलाने मला सांगितले होते. त्या वेळी मी मुलाशी नव्हे, वडिलांशी बोललो. तेच स्वप्न वारंवार येऊन मूल झोपायलाच घाबरू लागले, तर डॉक्टरांकडे किंवा समुपदेशकाकडे जावे. एरवी कोणते चित्र दिसले यापेक्षा तेव्हा काय वाटले आणि सध्या तसे कशामुळे वाटते, एवढे घरच्यांनी प्रेमाने विचारले तरी पुष्कळ उलगडते. छापील तक्त्याला हे विचारता येत नाही, कारण त्याच्यासमोर मूल नसते.

संपादक महोदय, माझी विनंती अशी आहे, की शर्यत, परीक्षा आणि स्पर्धा यांच्या स्वप्नांचे ठरावीक अर्थ छापणे आपण थांबवावे आणि ती जागा झोपेच्या विकारांवर उपचार करणाऱ्या डॉक्टरांना किंवा बालमानसतज्ज्ञांना द्यावी. तेवढे लगेच शक्य नसेल, तर दग्याविषयीच्या त्या ओळीला कोणताही आधार नाही, असे त्याच पानावर, तितक्याच ठळक अक्षरांत छापावे. त्या मुलीच्या घरी आपला अंक दर रविवारी येतो आणि आजी तो नातीला मोठ्याने वाचून दाखवतात.

आपला नम्र,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक,
नौपाडा, ठाणे (पश्चिम)