थेरपिस्टचं दुखणं पेशंटच्या माथी

संपादक महोदय,

माझी मोठी बहीण मुलुंडहून दर शनिवारी दादरला काउन्सेलिंगला जायची, भावजींशी सारखे खटके उडायचे म्हणून. पहिले दोन-तीन महिने छान गेले, मग मॅडम स्वतःच्याच घटस्फोटाबद्दल बोलायला लागल्या, ताईने काहीही सांगितलं की "सगळे पुरुष असेच, तू निघ तिथून", आणि हे फी भरून ऐकायचं. भावजींना त्या एकदाही भेटल्या नव्हत्या! ताई घरी येऊन रडायची, तिला वाटायचं आपलंच चुकतंय.

मॅडमबद्दल मला वाईटच वाटतं, थेरपिस्टपण माणूसच. पण थेरपिस्टच्या स्वतःच्या भावना मध्ये येतात हे मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइडने १९१० मध्येच मांडलंय, त्याला काउंटरट्रान्सफरन्स म्हणतात, म्हणूनच सीनियरकडे सुपरव्हिजन, म्हणजे आपल्या केसेसबद्दल मार्गदर्शन, घ्यायचं असतं, स्वतः थेरपी घ्यायची असते, नाहीच जमलं तर केस दुसऱ्याकडे सोपवायची. क्लिनिकल सायकॉलॉजिस्टला रिहॅबिलिटेशन कौन्सिल ऑफ इंडियाचं रजिस्ट्रेशन लागतं, आम्ही तेसुद्धा विचारलं नव्हतं. वाचकांनी पहिल्याच भेटीत रजिस्ट्रेशन नंबर विचारा, सुपरव्हिजन घेता का तेही विचारा, लाजू नका प्लीज.

ताई आता दुसऱ्यांकडे जाते, भावजीपण सोबत असतात.

— एक वाचक, मुलुंड