मा. पालकमंत्री साहेब, ट्रॅम्पोलिन पार्कची जाळी तपासायचं काम नेमकं कोणाचं?

मा. पालकमंत्री साहेबांना,
स.न.वि.वि.

साहेब, प्रश्न एकच आहे. ट्रॅम्पोलिन पार्कमधे लेकरं ज्या जाळीवर उड्या मारतात ती जाळी, तिच्या स्प्रिंगा, स्प्रिंगांवरचं पॅड आणि बाजूचा तो फोमचा खड्डा, हे सगळं बघून "चालू द्या, हरकत नाही" अशी सही कोणता अधिकारी करतो? उन्हाळ्यापासून विचारत फिरायलोय. नीट उत्तर कोणाकडंच नाही म्हणून शेवटी तुम्हाला उघडं पत्र. जिल्ह्याचं नाव मुद्दाम टाकलं नाही, कारण कायदा मराठवाड्याच्या आठही जिल्ह्यांना एकच आहे, त्यामुळं बाकीच्या सात पालकमंत्र्यांनी वाचलं तरी चालेल.

मी शाळेत पीटी मास्तर आहे, बी.पी.एड. केलेला. माझा ट्रॅम्पोलिनला विरोध नाही हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर लोक म्हणतील मास्तरला लेकरांचं हसणंखेळणं बघवत नाही. उलट मला तर बरं वाटतं की लेकरू मोबाईल खाली ठेवून घाम गाळायलंय. आपल्याकडं एप्रिल-मे मधे पारा चाळिशीच्या वर, मैदानं होती तिथं प्लॉटिंग झालं, बागेतली घसरगुंडी दुपारी हात लावला तरी चटका देते, मग लेकरांनी जायचं कुठं? म्हणून हे पार्क चालायलेत. बायपासला जुनं गोडाऊन भाड्यानं घ्यायचं, पत्र्याला आतून निळा-गुलाबी रंग मारायचा, चार कूलर नाहीतर एसी लावायचा, मोठ्यानं गाणी, तासाचं तिकीट, वर ग्रिपवाल्या मोज्यांचे वेगळे पैसे, आणि रविवारी बघा, पाय ठेवायला जागा नसते. बड्डे पार्ट्यांचं बुकिंग तर आधीच झालेलं असतं.

आता यात धोका कुठं आहे ते सांगतो, कारण बऱ्याच आईबापांना वाटतं की गुबगुबीत जागा आहे, पडलं तरी काय लागणारे. गंमत अशी आहे की लेकरू जाळीवरून बाहेर पडून जितकं लागतं त्यापेक्षा जाळीवर असतानाच जास्त लागतं, आणि तेही एका जाळीवर दोघं-तिघं असले की. समजा सत्तर किलोचा बाप आणि वीस किलोची पोरगी एकाच जाळीवर उड्या मारायलेत. बाप आदळला की जाळी खोल दबते आणि लगेच जोरात वर येते. नेमकं त्याच क्षणाला पोरगी खाली येत असली तर वर येणारी जाळी तिच्या पायावर थेट आदळते, त्या वेळी ती जाळी मऊ राहत नाही, फरशीवर पडल्यासारखंच होतं. आणि वेळ जरा इकडंतिकडं झाली तर बापाच्या वजनाचा सगळा जोर पोरीला मिळून ती तिच्या आवाक्याबाहेर वर फेकली जाते. याला डबल बाउन्स म्हणतात. यात लहान लेकरांच्या नडगीचं हाड गुडघ्याच्या जरा खाली मोडतं, हाडाच्या डॉक्टरांना हे फ्रॅक्चर चांगलं माहीत आहे.

हे मी मनानं सांगत नाही. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांची मोठी संघटना आहे, अमेरिकन अकॅडमी ऑफ पीडियाट्रिक्स, ती १९७७ पासून ट्रॅम्पोलिनबद्दल सावध करायलीय. त्यांच्या २०१२ च्या निवेदनात आहे की साधारण पाऊण दुखापती एकापेक्षा जास्त जण एकत्र उड्या मारताना होतात, आणि त्यात सगळ्यात लहानग्याला लागायची शक्यता सोबतच्या वजनदार माणसापेक्षा १४ पट असते. हे आकडे मुख्यतः घरच्या ट्रॅम्पोलिनचे, ते मान्य. पण पार्कचेही आहेत. तिकडं पार्कमधे लागून इमर्जन्सीत आलेल्यांचा अंदाजी आकडा २०१० मधे ५८१ होता, तो २०१४ मधे ६,९३२ झाला, आणि घरच्यापेक्षा पार्कमधल्या केसमधे पायाची दुखापत आणि अ‍ॅडमिट करायची वेळ जास्त आली. आपल्याकडचा आकडा मागायला जाल तर कोणाच्या रजिस्टरमधेच तो लिहिला जात नाही. लेकराचा पाय मोडला की केसपेपरवर "खेळताना पडला" एवढंच. कुठं पडला, कशावर पडला, काही नाही.

अजून एक, हे आमच्या खेळातलं. ट्रॅम्पोलिन २००० च्या सिडनी ऑलिम्पिकपासून ऑलिम्पिकमधे आहे. तिथं एका बेडवर, म्हणजे एका जाळीवर, एकच खेळाडू चढतो. दोघांचा मिळून सिंक्रोनाइज्ड प्रकार असतो त्यातसुद्धा दोघांना दोन वेगळे ट्रॅम्पोलिन देतात. म्हणजे ज्यांनी आयुष्य यात घातलं ते दुसऱ्यासोबत एका जाळीवर चढत नाहीत आणि आमच्याकडं बड्डेला आलेली बारा लेकरं अन् एक उत्साही मामा एका जाळीवर, आणि लक्ष ठेवायला नेमलेला मार्शलच त्यांचा रील काढून देतो.

मार्शल म्हणजे कोण तर बारावी झालेलं, शिट्टी गळ्यात घातलेलं पोरगं. त्याचा काय दोष म्हणा. त्याला कोणी ट्रेनिंग दिलं नाही, पगार तुटपुंजा, तीन हॉलला मिळून तो एकटा.

माझ्या भावाची पोरगी, दुसरीत आहे, ती अशाच एका पार्कात बड्डेला गेली. नाव नाही घेत. सोबत जाळीवर एक दांडगा पोरगा, आठवी-नववीचा असेल. पोरगी खाली बसली ती उठेचना. तिथल्या माणसानं स्प्रे मारला, म्हणाला लचकलंय, बर्फ लावा, रात्री हळद लावा. घरी आणली तर पाय टेकेना, सकाळी एक्सरे काढला तर गुडघ्याखाली हाड मोडलेलं. प्लास्टर. डॉक्टर म्हणाले नशीब, वाढीच्या भागाला धक्का नाही, नाहीतर पाय वाकडा वाढायची भीती असते. पोरगी आता बरी आहे, पळते.

दुसऱ्या दिवशी भावासोबत मी पार्कात गेलो. भांडायला नाही, बघायला. मास्तरचा डोळा आहे, बघवल्याशिवाय राहत नाही. दोन जाळ्यांच्या मधे स्प्रिंगांवर जे पॅड असतं त्याचं वेल्क्रो सुटलेलं, फटीत माझा हात मनगटापर्यंत गेला आणि स्प्रिंग हाताला लागली. लेकराचा पाय तर अख्खा जाईल. फोमच्या खड्ड्यात हात घातला तर वरचे ठोकळे फुगीर, खालचे दबून ज्वारीच्या भाकरीसारखे चपटे झालेले, आणि फोमचा भुगा. हा खड्डा दिसायला खोल असतो पण ठोकळे दबले की माणूस थेट तळाला लागतो. चांगल्या ठिकाणी फोमच्या खाली जाळी असते, ठोकळे उलटपालट करून जुने बदलतात, आता तर बरेच जण फोमऐवजी एअरबॅग लावायलेत. इथं खाली काय आहे विचारलं तर मॅनेजर म्हणाला, सर, खाली पण सॉफ्टच आहे. काय सॉफ्ट? ते त्याला माहीत नव्हतं.

यात डोक्यावर पडलं की मानेचा खेळ असतो. अमेरिकेत अ‍ॅरिझोना राज्यात २०१२ मधे ३० वर्षांचा एक तरुण अशाच उथळ फोमच्या खड्ड्यात उडी मारून मान मोडून गेला. त्याची आई सरकारच्या मागं लागली आणि २०१४ मधे तिथं कायदा झाला, पार्कची नोंदणी, तपासणी, विमा सगळं सक्तीचं. आपल्याकडं कोणाच्या आईनं मागं लागायची वाट बघायची का साहेब?

मॅनेजरनं मग ठेवणीतलं अस्त्र काढलं, "तुम्ही फॉर्मवर सही केलीय." तो फॉर्म म्हणजे दारावरचा क्यूआर कोड, स्कॅन केला की बारीक अक्षरात इंग्रजी चार पानं, खाली टिक. मागं रांग, लेकरू हात ओढायलंय, कोण वाचणार? आणि माझ्या भावानं तर टिकही केली नव्हती, ती केली होती बड्डेवाल्या पोराच्या आईनं, सगळ्या पाहुण्या लेकरांसाठी एकदाच. आता मला सांगा, शेजारच्या बाईनं माझ्या पुतणीच्या पायाचा हक्क सोडून द्यायचा हे कोणत्या कायद्यात बसतं? २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अनुचित करार अशी गोष्ट आहे, तासाचं तिकीट घेऊन "काहीही झालं तरी आम्ही जबाबदार नाही" हे त्यातच मोडायला पाहिजे. पण हाड मोडलेल्या लेकराच्या बापानं कोर्टाच्या तारखा करायच्या की ड्रेसिंगला जायचं.

मग ऑफिसांची वारी. एका ठिकाणी म्हणाले आम्ही फक्त व्यवसाय परवाना देतो, दुकानाचा असतो तसाच. दुसरीकडं म्हणाले आमचं काम आगीचं, बंब आणि सिलेंडर बघितले, ओके आहेत. तिसरीकडं म्हणाले पूर्वी करमणूक कर होता तेव्हा आमच्याकडं फाईल यायची, २०१७ ला जीएसटी आला, ते गेलं. अजून एके ठिकाणी साहेबांनी चहा पाजला आणि तक्रार असेल तर लेखी द्या म्हणाले. सगळे नीट बोलले, कोणी उद्धट नव्हतं, हे पण सांगायला पाहिजे. पण जाळी कोणाच्याच टेबलावर नाही.

आणि कायदा नाही असंही नाही बरं का. महाराष्ट्र पोलीस कायदा १९५१ च्या कलम ३३ मधे सार्वजनिक करमणुकीच्या जागांना परवाना देण्याचे, नियम करायचे अधिकार आहेतच. जत्रेत आकाशपाळणा उभा करायचा तर पीडब्ल्यूडीच्या मेकॅनिकलवाल्यांचा कागद मागतात, माळेगावच्या खंडोबाला जाऊन विचारा पाळणेवाल्यांना, त्यांना तोंडपाठ आहे. चार दिवसांच्या पाळण्याला कागद आणि बारा महिने चालणाऱ्या ट्रॅम्पोलिनला नाही, हे कसं? नवीन काही शोधून काढायचीही गरज नाही. ट्रॅम्पोलिन पार्कसाठी अमेरिकेचं एएसटीएम एफ २९७० हे सुरक्षेचं मानक आहे, २०२२ मधे आयएसओ २३६५९ हे आंतरराष्ट्रीय मानक आलं. जाळी, पॅड, फोम, मार्शल, रोजची तपासणी सगळं त्यात आहे. परवान्यात एक ओळ टाका की याप्रमाणे पाहिजे, झालं.

आगीचं पण बोलतोच. राजकोटचा गेम झोन आठवत असेल, २५ मे २०२४, शनिवार, सुट्टीत तिकीट स्वस्त केलेलं, वेल्डिंगची ठिणगी पडली आणि २७ जीव गेले, त्यात लेकरं. फायर एनओसी नव्हती. आता आपल्या पार्कमधे बघा, पत्र्याचं शेड, हजारो फोमचे ठोकळे, म्हणजे पॉलियुरेथेन, पेटलं की धूरच माणूस मारतो, आणि लेकरं अनवाणी किंवा मोज्यावर, चपला बाहेर लॉकरमधे. महाराष्ट्राच्या २००६ च्या अग्निसुरक्षा कायद्याप्रमाणे दर जानेवारीत आणि जुलैत फॉर्म बी द्यावा लागतो की यंत्रणा चालू आहे. किती पार्कांनी दिलाय हे एकदा तुमच्या बैठकीत विचारून बघा, विचारायला पैसे लागत नाहीत. पण सिलेंडर ओके म्हणजे पार्क ओके असं धरू नका, आमच्या पोरीचा पाय सिलेंडरनं मोडला नाही.

मला काय पाहिजे ते सांगतो. पार्क बंद करू नका. बंद केले की लोक गच्चीवर ऑनलाईन मागवलेला ट्रॅम्पोलिन लावतील, ते अजून वाईट. एका जाळीवर एक जण, हा नियम दारात मराठीत मोठ्या अक्षरात लागू द्या आणि तो पाळला नाही तर मार्शलला शिट्टी वाजवायचा अधिकार राहू द्या, गिऱ्हाईक कितीही मोठ्या घरचं असो (हे तुमच्या कार्यकर्त्यांनाही सांगा, कारण बड्डे त्यांच्याही लेकरांचे असतात). सहा वर्षांखालच्यांना मोठ्या जाळीवर सोडायचंच नाही, त्या बालरोगतज्ज्ञांचंही तेच म्हणणं आहे, त्यांना वेगळा लहान कोपरा करून द्या. सकाळी उघडायच्या आधी जाळी, स्प्रिंग, पॅड, फोम बघून रजिस्टरमधे सही. कोणाला लागलं तर त्याची नोंद, आणि ती नोंद महिन्याला कलेक्टर ऑफिसला. मार्शलला प्रथमोपचार शिकवा, निदान मोडलेला पाय हलवू नये एवढं. हळद लावा म्हणणारा मार्शल नको. फॉर्म मराठीत आणि ज्याचं लेकरू त्याचीच सही.

जिल्हा नियोजन समितीचे अध्यक्ष तुम्ही आहात, परवान्यावाले, आगीवाले, पोलीस, कलेक्टर सगळे त्या एकाच हॉलमधे तुमच्यासमोर बसतात. दिवाळीच्या सुट्ट्यांआधी जी बैठक होईल तिच्यात हा एक विषय घ्या आणि उठायच्या आधी त्यांच्यातल्या एकाच्या नावावर हे काम लिहून द्या. कोणाच्या का असेना. ते नाव जाहीर करा, म्हणजे पुढच्या वेळी पॅड सुटलेलं दिसलं तर मी फोटो काढून थेट त्यांनाच पाठवीन.

आपला,
एक पीटी मास्तर, मराठवाडा