जलतरण तलाव आधी झाका

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

उन्हाळा लागला आणि टँकरच्या फेऱ्या वाढल्या की सोसायट्यांमधील जलतरण तलाव बंद करण्याची मागणी पुढे येते. ती समजण्यासारखी आहे. २०१६च्या दुष्काळात क्रिकेटच्या मैदानांवर मारल्या जाणाऱ्या पाण्याचा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला आणि न्यायालयाने ३० एप्रिलनंतरचे आयपीएलचे सामने राज्याबाहेर हलवण्यास सांगितले. मार्च २०२४मध्ये बंगळुरूच्या पाणीपुरवठा मंडळाने तलावांत पिण्याचे पाणी वापरण्यास मनाई केली. मात्र या चर्चेत एक साधी गोष्ट सुटते. एकदा भरलेल्या तलावाचे पाणी गाळून आणि शुद्ध करून पुन्हा पुन्हा वापरले जाते. गळती नसेल, तर नंतर वरून भरावे लागणारे पाणी बव्हंशी फिल्टर धुण्यात आणि उन्हा-वाऱ्याने उडून जाण्यात खर्च होते. यातले उडून जाणारे पाणी वाचवता येते आणि त्यासाठी बुडबुड्यांच्या प्लॅस्टिकचे ‘सोलर कव्हर’ बाजारात सहज मिळते.

हिशेब कोणालाही करता येईल. १५ मीटर लांब आणि ८ मीटर रुंद तलावाची पातळी एक मिलिमीटरने उतरली की १२० लिटर पाणी गेले. पुण्याच्या कोरड्या एप्रिलमध्ये रोज सहा मिलिमीटर धरले, तरी महिन्याला २१,६०० लिटर, म्हणजे दहा हजार लिटरचे दोन टँकर भरून पाणी हवेत जाते. जेवढा पृष्ठभाग झाकला जातो, तेवढ्यावरचे बाष्पीभवन जवळजवळ थांबते. तलाव वापरासाठी उघडावा लागतोच, हे धरूनही अमेरिकेच्या ऊर्जा विभागाने आच्छादनामुळे वरून भरायच्या पाण्यात ३० ते ५० टक्के बचत होत असल्याचे म्हटले आहे.

पाण्याबरोबर उष्णताही वाचते. एक लिटर पाणी वाफ होऊन जाताना सुमारे ५८० लिटर पाण्याचे तापमान एक अंशाने उतरेल एवढी उष्णता घेऊन जाते. म्हणूनच डिसेंबर-जानेवारीत आपले तलाव इतके गार पडतात की सोसायट्या ते बंद ठेवतात किंवा विजेवर तापवतात. या दिवसांत कव्हर दिवसरात्र, बुडबुड्यांची बाजू पाण्याकडे ठेवून पसरावे आणि पोहण्यापुरते काढावे. एप्रिल-मेमध्ये मात्र पारदर्शक कव्हर दिवसा ठेवल्यास पाणी नको इतके तापते आणि शेवाळ धरू लागते, म्हणून ते फक्त रात्री घालावे. यात दिवसाची बचत हातची जाते, हे खरे आहे. त्यामुळे ज्या सोसायटीला प्रामुख्याने पाणीच वाचवायचे आहे, तिने नवी खरेदी करताना ऊन आत न सोडणाऱ्या अपारदर्शक आच्छादनाचा विचार करावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

कव्हर घेऊनही अनेक ठिकाणी ते लवकर निकामी होते आणि ‘हे आपल्याकडे टिकत नाही’ असे ठरवून कमिटी तो विषय बंद करते. दोष बहुतेक वेळा वापरण्याच्या पद्धतीत असतो. तलावातून काढलेले कव्हर गुंडाळून उघड्या उन्हात ठेवले की एकावर एक आलेल्या थरांमध्ये उष्णता कोंडते, बुडबुडे फुटतात आणि थर एकमेकांना चिकटतात; पाण्यावर पसरलेले असताना खालचे पाणी त्याला थंड ठेवते, ते संरक्षण गुंडाळीला मिळत नाही. गुंडाळी सावलीत ठेवावी, नाहीतर तिच्यावर पांढरे कापड घालावे. दुसरा शत्रू क्लोरीन. झाकलेल्या पाण्यातला क्लोरीन उन्हाने कमी उडतो, त्यामुळे पूर्वीच्याच मापाने पावडर टाकत राहिले तर त्याचे प्रमाण वाढते आणि प्लॅस्टिक ठिसूळ होते. पाणी तपासून हे प्रमाण लिटरला तीन मिलिग्रॅमच्या आत राखावे, आणि जास्त मात्रा द्यावी लागलीच, तर ते खाली येईपर्यंत कव्हर बाजूला ठेवावे. यात औषधांचा खर्चही वाचतो. पावसाळ्यात ते धुऊन, पूर्ण वाळवून, उंदीर लागणार नाहीत अशा जागी ठेवावे. निळे कपटे पाण्यात दिसू लागले की कव्हर बदलण्याची वेळ आली असे समजावे, कारण ते फिल्टरच्या जाळीत अडकतात.

सर्वांत महत्त्वाची बाब सुरक्षिततेची आहे आणि तिच्यात तडजोड चालणार नाही. सोलर कव्हर वजन पेलत नाही. पाण्यावर अंथरलेला निळा पृष्ठभाग लहान मुलाला घट्ट वाटू शकतो; त्यावर पाय पडताच प्लॅस्टिक खाली जाते, अंगाभोवती गुंडाळले जाते आणि खाली काय घडले ते वरून दिसतही नाही. अर्धवट काढलेल्या कव्हरखाली चांगला पोहणारा माणूससुद्धा अडकू शकतो. म्हणून पहिला माणूस पाण्यात उतरण्यापूर्वी संपूर्ण कव्हर बाहेर आलेच पाहिजे आणि ही जबाबदारी जीवरक्षकावर लेखी सोपवलेली असावी. कव्हर आहे म्हणून तलावाचे कुंपण आणि फाटकाचे कुलूप यांत ढिलाई नको. रोलर बसवला नाही, तर एवढे मोठे प्लॅस्टिक रोज ओढण्याचा कर्मचाऱ्यांना कंटाळा येतो आणि ते अर्धेच काढले जाते, त्यामुळे रोलरचा खर्च टाळू नये.

महानगरपालिकेने तलाव असलेल्या सोसायट्यांना आच्छादन आणि रोलर बंधनकारक करावेत, पाण्याच्या मीटरची नोंद दरमहा फलकावर लावायला सांगावी आणि याची सुरुवात उघड्यावर असलेल्या स्वतःच्या तलावांपासून येत्या उन्हाळ्याआधी करावी, अशी माझी आपल्या दैनिकामार्फत विनंती आहे.

आपला नम्र,
एक नियमित वाचक, पुणे