कोटीला अवतरणचिन्हांचं कुंपण कशाला?

संपादक महोदय,

परवा लासलगावहून एसटीने नाशिकला येत होतो. शेजारचे आजोबा मोबाइलवर कुणाला तरी सांगत होते, "यंदा भावानं पार मारलं बघा." मागच्या बाकावरून एकाने काळजीने विचारलं, "सख्ख्या का चुलत?" आजोबा मान न वळवता म्हणाले, "कांद्याच्या!" अर्धी गाडी हसली. आजोबाही हसले, त्यांचं तर नुकसान झालं होतं.

गंमत पुढे सुचली. 'भाऊ' आणि 'भाव' हे दोन वेगळे शब्द. पण विभक्ती लागली की दोघांचंही सामान्यरूप 'भावा'च होतं, आणि कोटीला तेवढी फट पुरते. उलट 'वर अजून वर आहे' ही लग्नघरातली कोटी 'वराला' म्हणताच मोडते. शाळेत आम्ही श्लेष अलंकार शिकलो तो 'हे मेघा, तू सर्वांना जीवन देतोस' असा. पाच गुणांसाठी पाठ केला, हसलो मात्र कधीच नाही.

आता तक्रार. हल्ली वृत्तपत्रांच्या मथळ्यांत कोटी केली की त्या शब्दाला अवतरणचिन्हं लावतात. (आपलंही त्यात आलं, राग मानू नये.) दुसरा अर्थ वाचकाला अर्ध्या क्षणाने स्वतःहून सापडतो, हसू तिथेच फुटतं. चिन्हं लावून तो आधीच हातात दिला तर उरलं काय? आजोबांनी 'कांद्याच्या' म्हणताना बोटांनी खुणा केल्या नव्हत्या.

— एक वाचक, नाशिक