अंगात मुरलेला गोचीड ताप

प्रिय सदा,

सप्रेम नमस्कार.

कपिला गायीचा पीसीआर रिपोर्ट (रक्तात जंतूचा अंश शोधणारी तपासणी) ‘थायलेरिया पॉझिटिव्ह’, म्हणजे गोचीड तापाचा जंतू सापडला, असा आला म्हणून तू तिला पुन्हा इंजेक्शन द्यायला निघाला आहेस. जरा थांब. ताप येऊन दोन महिने झाले, गाय रवंथ करते, दूध पूर्वीइतकं आहे. बरी झालेल्या जनावराच्या तांबड्या पेशींत हा जंतू अगदी थोड्या संख्येनं वर्षानुवर्षे राहतो, आणि पीसीआरला तेवढाही सापडतो. रिपोर्ट खरा आहे, पण गाय आजारी नाही.

उलट तो अंगात उरलाय म्हणूनच तिच्या लढाऊ पेशी जाग्या आहेत. नवा गोचीड नवे जंतू सोडतो, तेव्हा ते पांढऱ्या पेशींत शिरून त्या पेशींनाच भराभर वाढायला लावतात. शरीराला नुसत्या जुन्या ओळखीवरून फौज उभी करायला दिवस लागतात. इथे ती आधीच उभी असते. अल्जिअर्समध्ये फ्रेंच शास्त्रज्ञ एडमंड सर्जां आणि सहकाऱ्यांनी १९२४ साली या अवस्थेला ‘प्रेम्युनिशन’ म्हटलं. पुढे त्वचेच्या लेशमानियावर, म्हणजे दुसऱ्या एका परजीवी जंतूच्या रोगावर, उंदरांत झालेलं काम मला फार मोलाचं वाटतं: ज्यांच्या अंगातून जंतू पूर्ण निपटला, त्यांचं पुन्हा होणाऱ्या लागणीपासूनचं संरक्षणही गेलं.

म्हणून उपचार रिपोर्टवर नाही, गायीवर ठरव. ताप १०४ फॅरनहाइटच्या वर, खांद्यापुढची गाठ सुजून हाताला लागणारी, पापणी आतून पांढरी किंवा पिवळी, यांतलं काही दिसलं तर त्याच दिवशी डॉक्टरांना बोलाव. या जंतूवरचं औषध बुपारव्हॅकोन, त्याचा डोस किलोला अडीच मिलिग्रॅम, म्हणजे ४०० किलोच्या गायीला पाच टक्क्यांचं २० मिली, मानेच्या स्नायूत, दोन जागी विभागून. उशीर झाला आणि रक्त फार उतरलं, तर औषध जंतू मारतं पण गाय वाचत नाही. रक्तच द्यावं लागतं. लाळ्या-खुरकूत झाली, विण्याचा ताण आला किंवा स्टिरॉइड दिलं, तर दबलेला जंतू डोकं वर काढू शकतो. त्या दिवसांत रोज थर्मामीटर लाव.

आता दुसरी बाजू, आणि खरी काळजी तिथे आहे. कपिला सुरक्षित असली तरी तुझ्या कालवडी नाहीत. तिचं रक्त पिऊन गोचिडाचं पिल्लू जंतू घेतं, कात टाकून मोठं होतं आणि मग दुसऱ्या जनावराला देतं. या जंतूच्या बाबतीत मादीच्या अंड्यांतून तो पुढच्या पिढीत जात नाही, त्यामुळे साखळी तोडायची जागा म्हणजे ही कात टाकण्याची जागा: गोठ्याच्या भिंतीतल्या भेगा. दगडी भिंतीच्या सांध्यात नखभर खोल पातं घालून बघ, राखाडी-तपकिरी दाणे आणि पांढरी कातडी निघेल. नुसतं गायीवर औषध फवारलंस तर हे सगळे तिथेच सुखरूप राहतात. भेगा सिमेंटने बुजव, गव्हाणीखालच्याही. चावलेल्या गोचिडाच्या लाळेत जंतू तयार व्हायला दोन-तीन दिवस जातात, म्हणून रोज कानामागे, कासेजवळ, शेपटीच्या मुळाशी हात फिरवून गोचीड काढलेस तरी बराच धोका टळतो. हाताने चिरडू नकोस, रॉकेलच्या डब्यात टाक.

दोन महिन्यांवरच्या संकरित कालवडींना लस टोचून घे: कातडीखाली ३ मिली. ती जिवंत, दुबळ्या केलेल्या जंतूची लस आहे. द्रव नायट्रोजनच्या कॅनमधून काढली की लगेच टोचावी लागते, म्हणून डॉक्टर आले की कालवडी आधीच बांधून ठेव. त्या सुमारास बुपारव्हॅकोन देऊ नकोस, नाहीतर लसच मरेल.

हरियाणातून आणायच्या गायीचा विचार पक्का असेल, तर आधी मला कळव. तिला तिकडच्या जंतूची ओळख असली तरी इकडच्या वाणापुढे ती अपुरी पडू शकते. पहिले दोन महिने तिची जागा वेगळी ठेवावी लागेल.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
विनायक