काळ फिरवणाऱ्याला पकडणार कोण?

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

तुमच्या पुरवणीत अधूनमधून फँटसी कथा येतात त्या मी आवडीने वाचतो, त्यामुळे ही तक्रार घरच्या माणसाची समजा. यातल्या बऱ्याच कथांमध्ये एक निषिद्ध विद्या असते आणि ती हमखास काळ मागे फिरवायची असते. गुरू सुरुवातीलाच डोळे वटारून सांगतो की या पोथीला हात लावायचा नाही, आणि आपल्याला तिथेच कळतं की शेवटी हिरो नेमका तिलाच हात लावणार. लावतो. मेलेली मैत्रीण उठून बसते, गुरू म्हणतो तू नियम मोडलास पण तुझं मन शुद्ध होतं, झालं, कथा संपली. अहो मग बंदी होती कशाला?

समजा हिरोने फक्त एक रात्र मागे घेतली. त्याच रात्री गावाच्या दुसऱ्या टोकाला एक बाई संध्याकाळपासून अडलेली होती, पहाटे कशीबशी सुटली, सुईणीने नाळ कापली, मूल आधी रडेना मग एकदाचं रडलं, आणि तेवढ्यात सगळं परत संध्याकाळवर. ती बाई पुन्हा कळा देतेय. या वेळी मूल आडवं आलं तर? तिला कुणी विचारलं होतं? तिला तर आठवतसुद्धा नाही की एकदा सगळं नीट पार पडलं होतं! ययातीने निदान मुलांना विचारलं तरी होतं, चौघांनी तोंडावर नाही म्हटलं, शेवटी पूरूने आपलं तारुण्य दिलं. इथे हिरो अख्ख्या गावाची रात्र परस्पर उचलतो आणि आपण टाळ्या वाजवतो.

आता मुद्दा असा की ज्या गुन्ह्याचा पुरावाच पुसला जातो त्याच्यावर बंदी घालून उपयोग काय. कुणाला आठवत नाही, कुठे खूण नाही, तक्रार करणार कोण? इथेच खरी गंमत आहे आणि इथेच लेखक मंडळी झोपतात. माझ्या डोक्यात एक उपाय आहे, फुकट देतो. जादूगाराला आधीचं सगळं आठवतं ना, म्हणजे ते तास त्याच्या अंगावरून गेले, जगाच्या हिशोबातून गेले पण त्याच्या शरीराच्या हिशोबात राहिले. एका रात्रीने काही दिसणार नाही, पण या विद्येची चटक लागते, आज मैत्रीण वाचवली, उद्या हरलेली लढाई, परवा नुसतं तोंडातून गेलेलं एखादं वाक्य. आणि अशा माणसाला जुळा भाऊ असला तर? एकाच घटकेला जन्मलेले दोघं, एकाचे केस काळेभोर आणि दुसऱ्याच्या भुवयासुद्धा पिकल्यात. मग त्या राज्यात कायदाच असायला हवा की ज्याला जुळं भावंड नाही त्याला काळविद्येच्या ग्रंथालयात प्रवेश नाही.

हे अगदीच हवेतलं नाहीये बरं का. 1971 मध्ये हाफेली आणि कीटिंग या दोन अमेरिकी शास्त्रज्ञांनी सिझियमची 4 अणुघड्याळं साध्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली, एकदा पूर्वेकडे एकदा पश्चिमेकडे, आणि परत आल्यावर जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिली. पूर्वेकडे गेलेली सुमारे 59 नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) मागे पडली होती आणि पश्चिमेकडे गेलेली 273 नॅनोसेकंद पुढे गेली होती. ताडायला दुसरं घड्याळ जमिनीवर होतं म्हणून हे कळलं, नाहीतर कुणालाच पत्ता लागला नसता. आणि काळात मागे जाण्याबद्दल म्हणाल तर भौतिकशास्त्रज्ञ स्टीफन हॉकिंग यांनी 1992 मध्ये असा तर्कच मांडला की निसर्गाचे नियमच ते होऊ देत नसावेत, म्हणजे तिथे बंदीसुद्धा आहे आणि पहारेकरीसुद्धा.

आमच्या घरातली तरुण मंडळी म्हणतात की गेममध्ये आम्ही रोज हेच करतो, हरलो की जुना सेव्ह लोड करतो. करा की. गेममधल्या त्या बाजारातल्या लोकांना तुम्ही पडद्याआड गेल्यावर आयुष्य नसतं. कथेत मात्र लेखक आपल्याला सांगत असतो की ही माणसं खरी समजा, यांच्यासाठी रडा, आणि मग स्वतःच त्यांना पुसून टाकतो.

महाभारतात बघा, अभिमन्यू तेराव्या दिवशी पडला. प्रत्यक्ष श्रीकृष्ण रथावर बसलेला असताना कुणी म्हटलं नाही की देवा, कालची सकाळ परत आण. दुसऱ्या दिवशी त्याने सूर्य झाकला असं आपण ऐकत आलोय, वेळ हलवली नाही, मावळल्याचा नुसता भास केला, आणि हा सूर्य हा जयद्रथ झालं, तरी तेवढ्यावरूनही ते कपट होतं की नाही यावर लोक आजवर भांडतात. कालची सकाळ परत आणता आली असती तर अर्जुनाच्या प्रतिज्ञेला काय अर्थ उरला असता?

तेव्हा तुमच्या लेखकांना एवढा निरोप द्या. हिरोला पोथी उघडायचीच असेल तर खुशाल उघडू द्या, पण पुढे एक प्रकरण चौकशीचंही येऊ द्या, जुळ्या भावाला साक्षीला उभा करा, आणि शिक्षा काय द्यायची हे सुचत नसेल तर वाचकांकडून मागवा, आम्ही भरपूर पाठवू.

आपला,
एक नियमित वाचक