शेळ्यांच्या जंतांना कॅलेंडर कळत नाही

महोदय,
परतीचा पाऊस अनेकदा रेंगाळतो, तरी शेळ्यांना जंताचे औषध मात्र ठरलेल्या महिन्यांतच पाजले जाते. हिमोंकस हा पोटाच्या चौथ्या कप्प्यात रक्त पिणारा जंत. २५ ते ३० अंश उष्णता आणि ओल मिळाली, की लेंडीतल्या अंड्यांपासून आठवडाभरात संसर्ग करणारी अळी तयार होते, ओल्या गवतावर चढते. म्हणून दव सुकल्यावरच शेळ्या चरायला सोडाव्यात.

सरसकट कळपाला औषध नको; त्याने औषधाला न जुमानणारे जंतच मागे उरतात. पावसाळी दिवसांत दर पंधरवड्याला खालची पापणी उलटून पाहावी. ती पांढुरकी असेल (म्हणजे रक्त कमी झाले असेल) किंवा जबड्याखाली सूज असेल, तर त्या शेळीचे वजन करून पशुवैद्यकाने ठरवलेला पूर्ण डोस द्यावा. अंदाजाने दिलेला अपुरा डोस फार घातक. औषध लागू पडले का, हे पाहण्यासाठी १४ दिवसांनी लेंडी तपासावी. ही तपासणी प्रत्येक तालुका पशुवैद्यकीय दवाखान्यात नियमित व्हायलाच हवी.

– एक पशुवैद्यक, सांगोला